ब्लू लँटर्न, मुक्काम भोर

“भोर आन वेल्हे, दोन्ही तालुक्यांत माज्या हातची एक पाटी चुकलेली दाखवा! त्याच दिवशी ब्रश चुलीत घालीन!”

असं शब्बीर पेंटर आठवड्यातून किमान दोनदा म्हणत असे, आणि म्हणण्याआधी आजूबाजूला निदान चार माणसं आहेत याची खात्री करून घेत असे. बढाई होती, पण पोकळ नव्हती. तीस वर्षांत त्यानं दूध डेअऱ्या, पिठाच्या गिरण्या, दवाखाने, जत्रेतल्या कुस्त्या, ऑर्केस्ट्रे असं काय वाट्टेल ते रंगवलं होतं आणि एकदाही खरवडायची पाळी आली नव्हती.

यामागे त्याची पद्धत होती. गिऱ्हाईक आलं की आधी चहा, मग तीन प्रश्न. नाव काय? गाव कोणतं? मान कितवा? मान म्हणजे कुणाचं नाव वर आणि कुणाचं खाली. पाहुणा वर, ठळक. घरची माणसं तळाला, बारीक अक्षरात, ‘आपले नम्र’ म्हणून. ही पद्धत त्याच्या उस्तादांची. त्या उस्तादांनी एकदा जत्रेच्या बोर्डावर मार्गासनीचा पैलवान विंझरचा म्हणून लिहिला, आणि पुढं दोन वर्षं त्यांना त्या रस्त्यानं जाताना एसटीची खिडकी लावून बसावं लागलं. तेव्हापासून शब्बीर गावाच्या बाबतीत फार जपून असे.

पण २००९ साल उजाडलं आणि एसटी स्टँडासमोर फ्लेक्सचं मशीन आलं! सकाळी फोटो द्या, दुपारी माणूस बारा फूट उंच होऊन खांबावर हसतोय! शब्बीरच्या दुकानापुढून लोक फ्लेक्सच्या गुंडाळ्या काखेत मारून जायला लागले आणि जाताना मुद्दाम दुसरीकडे बघायला लागले. ते दुसरीकडे बघणंच त्याला जास्त लागायचं.

अशात एका दुपारी त्याची मुलगी अम्रीन कॉलेजातून धापा टाकत आली. अम्रीन बारावीला. बापाचं नाक आणि बापाचाच हट्ट.

“अब्बा! गॅदरिंगचा बोर्ड यंदा फ्लेक्सचा करायचा म्हणत होते प्राचार्य. मी भांडले. म्हटलं, माझे अब्बा करतील. फ्लेक्समध्ये चुका असतात, अब्बांच्या बोर्डात नसतात!”

“मग? काय म्हनले?”

“म्हणाले, ठीक आहे, बघू. एकही चूक निघाली तर पुढच्या वर्षापासून कायमचा फ्लेक्स.”

शब्बीरनं हातातला ब्रश खाली ठेवला. वीस वर्षं कॉलेजचा बोर्ड त्याचाच होता. आता तो जाणार की राहणार हे या एका कापडावर आलं होतं, आणि वर पोरीनं भर ऑफिसात बापासाठी शब्द टाकला होता! त्याच्या छातीत एकाच वेळी अभिमान आणि धडकी, दोन्ही भरली.

“बोल. नाव?”

“ब्लू लँटर्न. कोरियन ग्रूप आहे, अब्बा. पाच मुलं. गातात, नाचतात. त्यांच्या गाण्यावर आम्ही पाच जणी नाचणार. मी, विंझरची शेफाली आणि आणखी तिघी. त्यांचं नाव सगळं मोठ्या लिपीत लिहायचं असतं हं. त्यांचा तसा नियम आहे.”

“मराठीत ल्हान-मोठी लिपी नसती. दोन-दोन फुटी अक्षरं काढतो, मंजे झालं?”

झालं. मग पाच जणांची नावं. अम्रीननं सायबर कॅफेत बसून वहीत उतरवून आणली होती. किम दोल-सू, किम हे-बोम, ओह सुंग-तान, लिउ वेई आणि रॉबिन किम.

“किम आडनाव. ते आधी लिहितात,” अम्रीन म्हणाली.

“मतदारयादीसारकं! शानी मानसं हायेत. आन ह्यो शेवटचा किम शेवटाला का?”

“तो कॅनडाचा आहे. तिकडं आडनाव नंतर.”

“कॅनडाचा? मगाशी कोरियन म्हनलीस की!”

“ग्रूप कोरियन. तो कॅनडाचा. आणि लिउ वेई चीनचा.”

शब्बीरनं पेन्सिल कानावर ठेवली. इथं काम अवघड होतं. शेजारच्या टेलरनं वहीतला फोटो बघून आधीच “नेपाळी हायेत” असा निकाल दिला होता. समोरचा वडापाववाला “चायनीज लिहून मोकळं व्हा, सगळ्यांना कळतंय” म्हणाला होता. अम्रीननं त्याच्याकडे असं पाहिलं, की त्यानं न मागता चटणी वाढली.

“बरं, कोरिया तर कोरिया,” शब्बीर म्हणाला.

“नुसतं कोरिया नाही, अब्बा! दोन आहेत. दक्षिण आणि उत्तर.”

“दोन? मंजे खुर्द आन बुद्रुक!”

“तसंच समजा.”

“दोघांत भांडान हाय का?”

“खूप!”

“मग नीट लिवलं पायजे,” असं म्हणून शब्बीरनं ‘दक्षिण’ या शब्दाखाली दोन रेघा मारल्या. त्याच्या डोळ्यांपुढं उस्तादांची एसटीची खिडकी आली होती.

तरी मूळ अडचण राहिलीच. पाच माणसं, तीन देश, ग्रूप एक. शेफाली म्हणे ज्याचा त्याचा देश लिहा. अम्रीन म्हणे ग्रूपचा एकच देश लिहा. दोघी दुकानाच्या पायरीवर बसून इतक्या भांडल्या, की रस्त्यावरची माणसं थांबायला लागली. शेवटी शब्बीरनं सायकल काढली आणि तो थेट आंबवड्याला, आनंदरावांकडे गेला.

आनंदरावांचा ब्रास बँड म्हणजे पंचक्रोशीतल्या लग्नांचा प्राण. क्लॅरिनेट स्वतः वाजवत. वय पासष्ट, पण फुंक पंचविशीची. ते अंगणात क्लॅरिनेट पुसत बसले होते.

“आनंदराव, तुमच्या बँडमंदी मानसं कुठली कुठली?”

“ट्रंपेट विंझरचा. दोन ढोलवाले मार्गासनीचे. एक झांजवाला तर पार वाईकडचा.”

“मग बँड आंबवड्याचा कसा?”

आनंदरावांनी अंगठ्यानं मागच्या पडवीकडे दाखवलं. तिथं खुंटीवर भला मोठा ढोल टांगलेला होता.

“ह्यो मोठा ढोल जितं टांगत्यात, त्ये बँडचं गाव. मानसं कुठलीबी असूं द्यात.”

“आन मानसाचं गाव?”

“जितं त्याची आय त्याचं ताट वाढून ठिवती, त्ये.”

शब्बीरनं त्यांचे हात हातात घेतले. तीन देशांचा प्रश्न या माणसानं बसल्या जागी सोडवला होता! ग्रूपचा ढोल दक्षिण कोरियात, तेव्हा ग्रूपखाली दक्षिण कोरिया. आणि प्रत्येक नावापुढं ज्याचं त्याचं गाव.

चार दिवस शब्बीर त्या कापडावर वाकून होता. मधोमध दोन-दोन फुटी निळ्या अक्षरांत ‘ब्लू लँटर्न’. खाली लाल रंगात ‘दक्षिण कोरिया’. त्याखाली पाच नावं, तीन कोरियाची, एक चीनचं, एक कॅनडाचं, मधल्या आडव्या रेघा जिथल्या तिथं. त्याखाली शनिवारची तारीख, वेळ, कॉलेजचं पटांगण. आणि सगळ्यात तळाला, करंगळीएवढ्या अक्षरांत, पाच मुलींची नावं.

अम्रीननं वही हातात धरून एकेक अक्षर ताडून पाहिलं. चूक नाही! फक्त शेवटी ती जराशी रेंगाळली.

“अब्बा, आमची नावं एवढी बारीक?”

“बेटा, तुमी घरच्या. घरच्यांची नावं खालीच असत्यात.”

ते तिला पटलं. लग्नपत्रिकेत ती लहानपणापासून तसंच बघत आली होती. सोमवारी बोर्ड एसटी स्टँडावर चढला, बरोबर फ्लेक्सच्या मशीनसमोर. शब्बीर बराच वेळ खाली उभा राहून लोकांचे चेहरे बघत राहिला. लोक थांबत होते, तोंड उघडून वाचत होते, एकमेकांना कोपरानं ढोसत होते. तीस वर्षांत एवढी दाद त्याला मिळाली नव्हती.

मंगळवारपासून मात्र लोक दुकानात येऊन चौकशा करायला लागले.

“शब्बीरभाई, पाचीबी येनार ना?”

“पाचीबी!” शब्बीर म्हणाला. विंझरच्या शेफालीचा पाय मुरगळला होता, तो आता बरा होता. “एकाची जरा शंका हुती, पन आता येतंय म्हनत्यात.”

“जेवनाचं काय?”

“घरचंच. बाहेरचं कशाला?”

“आपलं तिकाट चालंल त्यांना?”

“न चालायला काय झालं! सवय हाय.”

माणूस अचंबित होऊन जाई. शब्बीरला वाटे, पोरींचं काय कौतुक करतात लोक! बुधवारी आनंदरावांचा निरोप आला, की शनिवारी सगळा बँड घेऊन येतो, बँडच्या माणसाचं स्वागत बँडच्या माणसानं करायचं नाही तर कुणी? शब्बीरचे डोळे भरून आले. पोरींच्या नाचाला आनंदराव सुपारी न घेता येतात! घरी त्यानं बायकोला, सुगराला, हे तीनदा सांगितलं.

“पोरी नाचनार सात मिंटं,” सुगरा म्हणाली. “त्याला येवढा बँड कशाला?”

“तुला कौतुकच न्हाई!” शब्बीर म्हणाला.

शनिवार आला. कार्यक्रम पाचला होता आणि तीन वाजताच पटांगण भरलं. विंझरहून दोन टेम्पो, मार्गासनीहून एक जीप, वेल्ह्याच्या एसटीला दारापर्यंत माणसं लोंबकळत. कॉलेजच्या गॅदरिंगला इतर वर्षी मुलांचे आईबाप आणि स्टँडावरची दोन कुत्री येत. यंदा भिंतीवर माणसं बसली होती! एसटी स्टँडावरचा बोर्ड आणून स्टेजच्या मागं ताणला होता. फाटकाशी आनंदराव लाल कोट घालून, चौदा माणसांनिशी, क्लॅरिनेट तोंडाशी धरून तयार. मार्गासनीची ठकुबाई आंबेमोहोर तांदळाचं गाठोडं डोक्यावर घेऊन पुढं घुसली.

“कुठं हायेत पोरं?” तिनं शब्बीरला विचारलं. “येवढ्या लांबनं आल्याली, रिकामी कशी धाडायची?”

“कोनची पोरं, मावशी?”

तेवढ्यात प्राचार्य आले. सूट, टाय, आणि मागून शिपायाच्या हातात पाच शाली, पाच नारळ.

“शब्बीरभाई, कमाल केलीत! अम्रीन इंटरनेटवर बसते हे ठाऊक होतं, पण थेट कोरियातून ग्रूप बोलावील हे काही मला वाटलं नव्हतं. आम्ही अहवालात घालतोय. कुठवर आलेत पाहुणे? हायवे सोडला का?”

शब्बीरच्या पायाखालचं पटांगण सरकलं.

“सर… कोन पाहुने?”

“अहो, बोर्डावर लिहिलंय की! आणि तुमचा बोर्ड म्हटल्यावर मी कुणाला विचारलंसुद्धा नाही. फ्लेक्स असता तर विचारलं असतं.”

शब्बीरनं मान वर करून बोर्ड वाचला. अक्षर चुकलं नव्हतं. गाव चुकलं नव्हतं. मग त्यानं आयुष्यात पहिल्यांदा आपलाच बोर्ड पन्नास पावलांवरून, जत्रेला आलेल्या माणसासारखा वाचला. मधोमध ग्रूपचं नाव. खाली गाव. मग कलाकार, गावांसकट. मग तारीख, वेळ, ठिकाण. आणि तळाला ‘आपल्या नम्र’ म्हणून पाच पोरी! हा तर अगदी ऑर्केस्ट्राच्या आगमनाचा बोर्ड होता. पोरी नाचणार आहेत हे त्यात कुठंच नव्हतं. त्या फक्त पाहुण्यांची वाट बघत उभ्या होत्या.

स्टेजमागे त्या खरोखरच उभ्या होत्या. निळ्या ओढण्या, डोक्याला निळ्या पट्ट्या, आणि पाचींचे चेहरे उतरलेले.

“अब्बा,” अम्रीन हळूच म्हणाली, “बाहेर सगळे त्यांना बघायला आलेत. आम्ही गेलो तर हाकलून देतील आम्हाला. आणि बोर्ड… बोर्ड पण जाईल आता.”

ती रडली नाही. रडली असती तर परवडलं असतं. ती बापाकडे बघून, बोर्डात चूक नव्हतीच असं मान हलवून सांगत होती, आणि ते त्याला बघवेना.

शब्बीर स्टेजवर गेला. माईक त्यानं आयुष्यात रंगवला होता, धरला नव्हता.

“मंडळी,” तो म्हणाला, “कोरियातनं कुनीबी आल्यालं न्हाई. येनारबी न्हाई. चूक माजी हाय. पोरींची न्हाई, कॉलेजची न्हाई. तीस वर्सांत पयली चूक म्या केली, आन ती बारा फुटी केली.”

आधी कुजबुज. मग मागून शिट्टी. मग “फसवलं राव!” असा एक आवाज, आणि भिंतीवरची माणसं खाली उतरायला लागली. प्राचार्यांनी टाय सैल केला.

“थांबा!” शब्बीर ओरडला. “चूक केली तशी दुरुस्तबी म्याच करनार. हितंच, तुमच्या म्होरं!”

त्यानं शिडी मागवली, दुकानातून डबे मागवले. चुलीत घालायचा तोच ब्रश निळ्या रंगात बुडवला आणि तो शिडीवर चढला.

आता, माणूस कुठलाही असो, समोर पेंटर अक्षर काढायला लागला की त्याचे पाय हलत नाहीत. टेम्पोकडे निघालेली माणसं मान वळवून थांबली. ‘आपल्या नम्र’वर पांढरा रंग फिरला. मग शेजारच्या मोकळ्या जागेत फूटभर उंचीचा एक ‘अ’ उमटला. पुढच्या रांगेतलं एक पोर मोठ्यानं वाचायला लागलं, त्याच्या मागून दहा, मग शंभर.

“अ… म्री… न!”

“भो… र!”

भोरकरांनी टाळ्या वाजवल्या. शब्बीरचा हात पुढं सरकला.

“शे… फा… ली! विं… झ… र!”

विंझरच्या दोन टेम्पोंमधून असा काही गलका उठला, की गाड्यांचे पत्रे वाजले. “आपली हाय! आपली शेफाली हाय ती!” उतरलेली माणसं पुन्हा भिंतीवर चढली. तिसरी पोर मार्गासनीची निघाली. ठकुबाईनं तांदळाचं गाठोडं खाली ठेवलं आणि ती ओरडली, “आगं, ही तर आमच्या आळीतली! मंग आधी का न्हाई सांगितलंत?” चौथी आंबवड्याची, पाचवी थेट वेल्ह्याची! वेल्ह्याच्या एसटीचा कंडक्टर गाडी सोडायची विसरून टाळ्या पिटत होता.

शेवटी ग्रूपच्या गावाशी ब्रश थांबला. शब्बीरनं शिडीवरून खाली फाटकाकडे पाहिलं.

“आनंदराव! ह्या ग्रूपचं गाव कोनतं लिवू?”

आनंदराव लाल कोटात पुढं आले. त्यांनी मोठा ढोल स्टेजच्या खांबाला टांगला.

“टांगला हितं. लिवा भोर!”

मग पोरी नाचल्या. कोरियन गाणं होतं, एक शब्द कुणाला कळत नव्हता, पण प्रत्येक गाव आपल्या पोरीवर डोळा ठेवून होतं आणि ती पुढं आली की बेभान होत होतं. सात मिनिटांचा नाच तीनदा झाला. दुसऱ्या खेपेला आनंदरावांच्या क्लॅरिनेटनं चाल उचलली, तिसऱ्या खेपेला चौदा माणसं वाजवत होती. शेफालीचा पाय पुन्हा मुरगळला आणि तिला ते दुसऱ्या दिवशी कळलं. पाच शाली आणि पाच नारळ बरोबर पाच जणींना पुरले. अम्रीन शाल पांघरून उभी होती आणि शिडीखाली उभ्या असलेल्या बापाला ती एकदम लग्नातल्या करवलीएवढी मोठी दिसली. त्याला इतका अभिमान वाटला, की त्यानं रंगाचे हात तोंडावरून फिरवले आणि पुढं दोन दिवस त्याच्या मिशा निळ्या राहिल्या.

“पुढच्या वर्षीचा बोर्डही तुम्हीच,” प्राचार्य म्हणाले. “फक्त मला आधी दाखवा. लांबून.”

इथं गोष्ट संपायला हरकत नव्हती. पण सोमवारी सकाळी कॉलेजचे क्लार्क, चिमाजी भाऊसाहेब, जाडजूड नोंदवही काखेत घेऊन दुकानात आले. भाऊसाहेब म्हणजे नियमाचा माणूस. खाडाखोड आयुष्यात केली नाही, त्या बाबतीत ते शब्बीरचेच भाऊबंद.

“शब्बीरभाई, जरा घोळ झालाय. तुमच्या बोर्डावरून म्या शुक्रवारीच पाहुन्यांची नोंद करून ठिवली. परदेशी पाहुने पाच. दक्षिण कोरिया तीन, चीन एक, कॅनडा एक. वहीला पानांचे नंबर हायेत, पान फाडता येत न्हाई आन खोडता येत न्हाई.”

“मग?”

“मंग आल्याची नोंद हाय, गेल्याची न्हाई. म्हंजी ती पोरं अजून भोरातच हायेत. तवा मुक्काम कुठं, तेवढं सांगा. रकाना मोकळा ठिवता येत न्हाई.”

शब्बीरनं वही पाहिली. पाची नावं बरोबर होती. मधल्या रेघासुद्धा जिथल्या तिथं. चूक नव्हती! त्यानं आतल्या दाराकडे पाहिलं. सुगरा दारातच उभी होती. ठकुबाईनं तांदळाचं गाठोडं परत न्यायला साफ नकार दिला होता. पोरांसाठी आणलेलं माघारी नेत नाहीत म्हणाली, आणि ते शब्बीरच्याच घरी टाकून गेली होती. सुगरानं त्यातलेच पसाभर तांदूळ सुपात घेतले होते.

शब्बीरनं मान खाली घालून लिहिलं, “मुक्काम : शब्बीर पेंटर यांचे घरी, भोर.”

भाऊसाहेब समाधानानं वही मिटून गेले. सुगरानं नवऱ्याच्या निळ्या मिशांकडे एकदा पाहिलं आणि सुपात आणखी तांदूळ ओतले.

“पाच ताटं जास्तीची वाढू का?”

आजही मार्गासनीची ठकुबाई एसटी स्टँडावर भेटली की विचारते, “पोरं बरी हायेत न्हवं?”

आधी आधी शब्बीर समजावून सांगायचा. आता नुसतं “बरी हायेत, मावशी,” म्हणतो, आणि आजूबाजूला कुणी नाही ना, याची आधी खात्री करून घेतो.